चार क्वे तियावचा दर वेळी लगदा होतो? शेगडीला दोष देण्याआधी हे तपासा

"काकू, पुन्हा लगदा!" चार क्वे तियाव, म्हणजे मलेशियातल्या पेनांगच्या परतलेल्या तांदळी नूडल्स, करायला घेणाऱ्यांचे रविवारी दुपारी एकच्या सुमाराला येणारे असे फोन मी इतके घेतलेत की पुढचे प्रश्न मला पाठ झालेत. किती जणांचं एकदम टाकलंस? नूडल्स उकळत्या पाण्यात घातल्यास का? कोळंबी पुसून घेतलीस? तिसऱ्या प्रश्नापर्यंत बहुतेक वेळा चोर सापडतो. तरीही दर महिन्याला नवा कोणीतरी तोच चोर घेऊन येतो, म्हणून एकदाचं सगळं लिहून काढते आहे.

आधी लक्षणं. तुमचं नक्की काय बिघडतंय ते इथे ओळखा.

१. नूडल्स कढईत पडल्या की दोन मिनिटांत एकमेकींना मिठी मारून गोळा होतात. सोडवायला गेलं की तुकडे. ताटात येते ती बिघडलेली साबुदाण्याची खिचडी.

२. कढईच्या तळाशी तपकिरी पाणी साचतं. चुरचुर ऐकू यायला हवी तिथे रटरट ऐकू येते.

३. कोळंबी चामट, माकुल (स्क्विड) तर खोडरबर.

४. रंग काळा, चव नुसती खारट, आणि तो धुरकट खमंग वास कुठेच नाही.

५. नूडल्स बाहेरून मऊ पण आतून कचकचीत, किंवा परतायला घेतल्याबरोबर मोडतात.

६. नूडल्स तळाला धरतात, खरवड सुटत नाही.

७. चव करपट, कडू.

पहिली चार लक्षणं एकत्र दिसत असतील, आणि दहातल्या आठ घरी ती एकत्रच दिसतात, तर दुखणं एकच आहे: कढईत पाणी झालंय. पाचवं लक्षण भिजवण्याचं, सहावं भांड्याचं, सातवं सॉसचं.

आम्ही सहा वर्षं पेनांगला राहिलो. ह्यांची नोकरी बायान लेपासच्या औद्योगिक वसाहतीत होती आणि आमच्या इमारतीखाली संध्याकाळी एक गाडी लागायची. 'चार क्वे तियाव' मधल्या 'चार'चा आकड्याशी काही संबंध नाही. तिथल्या होक्किएन बोलीत चार म्हणजे परतलेलं, उच्चार जवळजवळ 'चा' असा, आणि क्वे तियाव म्हणजे तांदळाच्या उकडलेल्या पोळीच्या रुंद पट्ट्या. मलय लोक त्यालाच कुए तियाव गोरेंग म्हणतात. त्यात कोळंबी, केरांग नावाच्या लाल रक्ताच्या शिंपल्या, मुगाचे लांब मोड, चिनी लसणीची पात, अंडं, चिनी गाड्यांवर लाप चिओंग हे गोडसर सॉसेज आणि डुकराची चरबी. मुसलमान गाडीवाल्यांकडे अर्थातच डुकराचं काही नसतं आणि तरी ते उत्तम लागतं. तेव्हा चरबी नाही म्हणून बिघडलं, ही सबब चालणार नाही.

त्या गाडीवाल्यासमोर दहा-दहा माणसं उभी असायची. तो मात्र एका वेळी एकच प्लेट करायचा. मला वाटायचं, काय हा आडमुठेपणा! परत आल्यावर ठाण्याच्या घरी चौघांचं एकदम करायला गेले आणि उत्तर मिळालं.

पाणी एवढं का नडतं, याचा हिशोब एकदा करून ठेवा, मग पुढचं सगळं आपोआप पटेल. कढईत पाणी आहे तोवर त्या जागेचं तापमान १०० अंशांच्या वर फारसं जात नाही. खमंगपणा, तो तपकिरी डाग, धुरकट वास हे सगळं १४० अंशांच्या पुढचं काम. आता १०० मिली पाणी घ्या, छोट्या अर्ध्या पेल्याएवढं. उकळी फुटल्यावर ते सगळं वाफ व्हायला सुमारे २२६ किलोज्यूल ऊर्जा लागते. घरच्या शेगडीचा मोठा बर्नर अडीच किलोवॅटच्या आसपास धरला आणि त्यातली निम्मी उष्णता कढईला मिळाली असं मानलं, तर झाली तीन मिनिटं. आणि अख्खी प्लेट व्हायला हवी तीन मिनिटांत. म्हणजे कोळंबीचं, मोडांचं आणि सॉसचं मिळून अर्धा पेला पाणी आत गेलं, तर तुमचा सगळा वेळ ते आटवण्यात गेला. तेवढ्या वेळात नूडल्स शिजून खीर. गाडीवाल्याची भट्टी घरच्या बर्नरच्या कित्येक पट जोरात पेटते, म्हणून त्याला थोडं पाणी खपतं. आपल्याला खपत नाही.

आता तपासण्या. फुकटच्या आधी, खर्चाच्या नंतर. एका वेळी एकच गोष्ट बदला, नाहीतर कशाने सुधारलं ते कळणार नाही.

एका वेळी एकच प्लेट

हे फुकट आहे आणि निम्म्या तक्रारी इथेच संपतात. एका प्लेटचं माप: कोरड्या नूडल्स ८० ग्रॅम, ताज्या असतील तर १५० ग्रॅम, मध्यम कोळंबी पाच-सहा, माकुलाच्या चार-पाच चकत्या, शिजवून काढलेल्या तिसऱ्यांचं (शिंपल्यांचं) मांस आठ-दहा, अंडं एक, मोड एक मूठ, पात अर्धी मूठ. तेल दोन मोठे चमचे, त्यात कंजुषी नको. याहून जास्त आत घातलं की कढईचं तापमान कोसळतं, ते परत चढायच्या आत सगळ्याला पाणी सुटतं.

यावर लगेच आक्षेप येतो: "पण आम्हाला सगळ्यांना एकत्र जेवायचंय." घावन आपण चौघांचं एकदम घालतो का? एक उतरला की दुसरा, आणि ज्याचं पान वाढलं त्याने सुरुवात करायची. तसंच हे. चार वाट्यांत चार प्लेटींचं सगळं मोजून मांडून ठेवा. मांडणी झाली की चौथी प्लेट पंधराव्या मिनिटाला उतरते. मापून न ठेवता, एका हाताने पात चिरत दुसऱ्या हाताने परतणाऱ्यांसाठी हा पदार्थ नाही.

पुसा, निथळा, पुन्हा पुसा

कोळंबी सोलून, पाठीतला काळा दोरा काढून धुतली, तिथपर्यंत सगळे करतात. पुढे ती तशीच ओली कढईत जाते. स्वच्छ पंचावर पसरून वरून दुसऱ्या पंचाने दाबा. एकदा तो पंचा पिळून बघा, मग मी का ओरडते ते कळेल.

गोठवलेली कोळंबी असेल तर प्रकरण आणखी ओलं. तिच्यावर बर्फाचं पातळ आवरण मुद्दाम चढवलेलं असतं. आपल्याकडे १ जून ते ३१ जुलै किनाऱ्यावर यांत्रिक बोटींच्या मासेमारीला बंदी, त्यामुळे पावसाळ्यात बहुतेकांच्या घरी हीच येते, आणि मला येणाऱ्या फोनांचा हंगामही तोच. ही कोळंबी आदल्या रात्री फ्रिजमध्ये चाळणीत ठेवा, खाली वाडगा. सकाळी वाडग्यात किती पाणी जमलं ते पाहा. नळाखाली धरून घाईने बर्फ सोडवलात तर ते पाणी कोळंबीच्या अंगातच राहतं.

मोड आणि पातही तितक्याच कोरड्या हव्यात. धुणं आदल्या तासाला, परतायच्या तोंडावर नाही.

नूडल्स कशा भिजवल्या

पाकिटावर 'उकळत्या पाण्यात पाच मिनिटं' असं लिहिलेलं असतं. ते सूपसाठी किंवा सरळ खाण्यासाठी ठीक. परतायच्या नूडल्स उकळत्या पाण्यात गेल्या की तिथेच पूर्ण शिजतात. मग कढईत त्यांना आणखी शिजण्याखेरीज काही उरत नाही. तांदळाचा स्टार्च साधारण ६५ ते ७५ अंशांच्या दरम्यान पाणी पिऊन फुगतो. हे फुगणं कढईत व्हायला हवं, पातेल्यात नाही.

म्हणून साध्या पाण्यात भिजवा. पाच मिलिमीटर रुंदीच्या पट्ट्यांना ४० ते ५० मिनिटं, बोटाएवढ्या रुंद पट्ट्यांना तासभर. घड्याळापेक्षा बोटावर विश्वास ठेवा: पट्टी बोटाभोवती गुंडाळली तर मोडू नये, आणि दाताखाली मधोमध एक बारीक पांढरी कणी लागावी. मे महिन्यात गच्चीवरच्या टाकीचं पाणी नळाला कोमट नव्हे, गरमच येतं. तेव्हा हेच काम २५ मिनिटांत उरकतं. उन्हाळ्यात बिघडणाऱ्यांनी आधी नळाखाली हात धरून बघावा.

भिजल्या की रोळीत पंधरा मिनिटं निथळू द्या, मग चमचाभर तेल लावून हाताने मोकळ्या करा. कमी भिजल्या असतील, म्हणजे पाचवं लक्षण, तर कढईत एक-दोन चमचे पाणी शिंपडून वाचवता येतात. जास्त भिजल्या तर उपाय नाही. त्या दिवशी कोळंबीच्या डोक्या-सालींचं पाणी उकळून गाळा आणि सूप करा. आमच्याकडे त्याला 'फसलेला रविवार' म्हणतात आणि मुलांना तेच जास्त आवडतं.

ताज्या नूडल्स मिळाल्या तर वेगळीच खोड. फ्रिजमध्ये ठेवल्या की कडक होतात आणि परतताना काचेसारख्या मोडतात. फ्रिजमधला शिळा भात जसा ताठ होतो, तोच प्रकार: थंडीत स्टार्चच्या साखळ्या पुन्हा जवळ येऊन घट्ट बसतात. मोदकपात्रात दोन मिनिटं वाफ द्या, गरम असतानाच पट्ट्या सुट्या करा, मगच कढईकडे न्या.

पाकिटातल्या घटकांमध्ये तांदूळ आणि पाणी, फार तर थोडं टॅपिओका पीठ असावं. गव्हाच्या हक्का नूडल्सचा हा पदार्थ होत नाही. कोकणातल्या कोणीतरी शिरवाळ्यांचं करून बघितलं होतं. शिरवाळ्या नारळाच्या गोड रसातच शोभतात. उकडून साच्यातून काढलेल्या असल्यामुळे परतणं त्या सोसत नाहीत.

सॉसचं माप

एक मोठा चमचा म्हणजे १५ मिली. लोक बाटली उपडी करतात, चार-पाच चमचे सहज जातात, म्हणजे ६०-७५ मिली खारं पाणी. एका प्लेटला साधा पातळ सोया एक मोठा चमचा, काळा सोया एक छोटा चमचा, फिश सॉस असेल तर अर्धा छोटा चमचा, चिमूटभर साखर, पांढरी मिरी. हे सगळं वाटीत आधी कालवून ठेवा, आणि ओतताना नूडल्सच्या डोक्यावर न ओतता कढईच्या तापलेल्या कडेवरून सोडा. कडेला लागून ते क्षणात चरचरतं, पाणी उडतं, वास राहतो. धुरकटपणातला बराचसा भाग इथे तयार होतो.

रंग काळाकुट्ट यायलाच हवा, हा गैरसमज आहे. पेनांगची प्लेट तांबूस-तपकिरी असते. सिंगापूरकडची जास्त काळी, जास्त गोड, आणि त्यात पिवळ्या गव्हाच्या नूडल्सही मिसळतात. तिथला काळा सोया काकवीसारखा दाट आणि गोडसर असतो. आपल्या दुकानात त्या नावाने मिळणारा पुष्कळदा पातळ आणि खारट निघतो. रंगासाठी तो वाढवत गेलात तर मीठच वाढतं. मी साध्या सोयात अर्धा छोटा चमचा काकवी घालते. कोल्हापूरची काकवी पेनांगच्या पदार्थाला चालते हे तिथल्या माणसाला सांगितलं तर तो हसेल, पण चालते. फक्त तिच्यात साखर आहे, म्हणून लवकर करपते. सातवं लक्षण असेल तर बहुतेक सॉस फार आधी पडतोय, किंवा लसूण तेलात तपकिरी होईपर्यंत थांबताय.

मिरचीची पेस्ट घरी करा: सुक्या लाल मिरच्या भिजवून, वाटून, तेलात पाणी आटेपर्यंत परतून. कच्ची पाणीदार पेस्ट घातली की परत तेच. केचप, व्हिनेगर, शेजवान चटणी यांनी दुसरा एखादा चांगला पदार्थ होईल.

क्रम, आणि हात आवरणं

कढई धूर येईपर्यंत तापवा. तेल, लगेच कोळंबी आणि माकुल. कोळंबी गुलाबी होऊन इंग्रजी 'सी'सारखी वळली की ताटलीत काढा. 'ओ' झाली म्हणजे उशीर झाला. पेनांगचा गाडीवाला ती काढत नाही, कारण त्याची आच तेवढी आहे. आपण काढायची. पुन्हा थोडं तेल, लसूण पाच-सात सेकंद, मिरचीची पेस्ट, लगेच नूडल्स, कडेने सॉस.

आता हात बांधून उभं राहा. वीस सेकंद. हे सगळ्यांना सर्वांत अवघड जातं. सारखं ढवळलं की नूडल्स तुटतात, पृष्ठभागावरचा स्टार्च निघून चिकटा होतो, आणि कुठल्याच पट्टीला डाग पडण्याइतका वेळ मिळत नाही. वीस सेकंदांनी उलथनं खालून सरकवून उलटा, पुन्हा वीस सेकंद. मग नूडल्स बाजूला, मोकळ्या जागी अंडं फोडा, जरा बसू द्या, त्यावर नूडल्स ओढा. शेवटी मोड, पात, तिसऱ्या, आणि बाजूला काढलेली कोळंबी व माकुल. अर्धं मिनिट, की ताटात.

मासळी

माकुलाच्या बाबतीत मधला रस्ता नाही: एक मिनिटाच्या आत उतरवा, किंवा अर्ध्या तासाहून जास्त शिजवा. परतण्यात दुसरा पर्याय नसतो, तेव्हा चकत्या बारीक, उभ्या रेषांनी चिरलेल्या, आणि कढईत चाळीस सेकंद. कोळंबीला करकरीतपणा हवा असेल तर पाव किलोला पाव छोटा चमचा खायचा सोडा आणि चिमूट मीठ चोळून वीस मिनिटं ठेवा, मग नीट धुऊन, अर्थात, पुसा.

केरांग आपल्याकडे मिळत नसल्यात जमा. तिसऱ्या किंवा खुबे घ्या. त्या वेगळ्या भांड्यात झाकण ठेवून आधी पूर्ण शिजवायच्या. कढईत फक्त शेवटी फिरवायच्या. त्यांचं सुटलेलं पाणी चवदार असतं म्हणून नूडल्समध्ये ओतण्याचा मोह होतो. तो सूपसाठी राखा.

मोडांबद्दल एवढंच: आपले उसळीचे आखूड मोड शिजायला वेळ घेतात आणि कच्चट लागतात. हवेत ते बोटभर लांब पांढरे. मूग भिजवून अंधारात, वर वजन ठेवून, दिवसातून तीन-चार वेळा पाणी देत चार-पाच दिवस ठेवलेत तर घरीच येतात. चिनी लसणीच्या पातीऐवजी कांद्याची पात, आणि हिवाळ्यात मिळाली तर थोडी ओल्या लसणीची पात.

भांडं

इथून पैसे लागायला सुरुवात होते, म्हणून वरचं सगळं करून झाल्याशिवाय इकडे वळू नका.

नॉनस्टिक कढई या कामाची नाही. तिच्यावरचा थर २६० अंशांच्या पुढे बिघडायला लागतो आणि त्याचा धूर चांगला नाही. धूर येईपर्यंत तापवा, ही सूचना तिला लागूच करता येत नाही. लोखंडी भांडं हवं. पण घरातली खोल, अरुंद लोखंडी कढई असेल तर तिच्यात वाफ कोंडते. माझा अनुभव असा की जुना पसरट, किंचित खोलगट लोखंडी तवा तिच्याहून चांगलं काम करतो: पाणी पसरतं, लवकर उडतं, नूडल्सना बसायला जागा मिळते. भाकरीचा तवा मात्र वापरू नका. सोयाचा वास भाकरीला लागला की घरात जे ऐकावं लागतं ते मी ऐकलंय.

नूडल्स तळाला धरत असतील तर तव्याला तेलाचा थर बसलेला नाही. स्वच्छ घासून, कोरडा तापवून, तेलाचा अगदी पातळ हात फिरवून धूर येईपर्यंत ठेवायचं, गार करायचं. असं चार-पाच वेळा. वापरून झाल्यावर सोया त्यात राहू देऊ नका, रात्रभरात गंज धरतो. इंडक्शनवाल्यांनी सपाट बुडाचंच भांडं घ्यावं. गोल बुडाची कढई इंडक्शनला जेमतेम टेकते, आणि मग दोष नूडल्सवर येतो.

बर्नर

आता शेवटी शेगडी. याचीही चाचणी फुकट आहे. कढईत मोजून १०० मिली पाणी घाला, मोठा बर्नर पूर्ण उघडा, उकळी फुटल्यापासून कढई कोरडी होईपर्यंत घड्याळ लावा. तीन-साडेतीन मिनिटं लागली तर तुमची शेगडी ठीक आहे. वर परत जा, चूक वरच्या कुठल्यातरी पायरीवर आहे. पाच-सहा मिनिटं लागत असतील तर बर्नर आजारी. ज्योत निळी आहे की पिवळी ते बघा. पिवळी ज्योत, कढईच्या बुडाला काजळी, म्हणजे गॅस नीट जळत नाहीये. शेगडी बंद, सिलिंडरचा रेग्युलेटर बंद, बर्नर गार झाल्यावर वरची कडी काढून ब्रशने आणि सुईने भोकं मोकळी करा, धुऊन पूर्ण वाळवा. सांडलेला सोया तिथे दगडासारखा बसतो. एवढ्यानेही ज्योत पिवळीच राहिली तर आत जेट किंवा हवेच्या झडपेचं काम आहे. ते मेकॅनिकचं. घरी उघडू नका.

इथे थांबा

जास्त आचेच्या हव्यासापायी घरच्या शेगडीला व्यावसायिक भट्टीचा जास्त दाबाचा रेग्युलेटर लावू नका. घरगुती शेगडी कमी दाबासाठी बनवलेली असते, तिचे सांधे आणि नळी तो दाब गृहीत धरत नाहीत. तसं कोणी लावून दिलं असेल तर आजच गॅस एजन्सीला बोलावून बदलून घ्या. नळी पाच वर्षं जुनी झाली असेल तर तीही. कोळशाची शेगडी बंद स्वयंपाकघरात किंवा काचा लावलेल्या बाल्कनीत पेटवू नका. तिच्यातून निघणाऱ्या कार्बन मोनॉक्साइडला वास नसतो.

तव्यातलं तेल पेटलं तर गॅस बंद, वर झाकण. पाणी अजिबात नाही.

तिसऱ्यांपैकी उघडं तोंड असलेली शिंपली टिचकी मारूनही मिटत नसेल तर फेका. शिजवल्यावर न उघडलेलीही फेका. पेनांगला केरांग अर्धकच्चे, लाल रस गळणारे खाण्याची आवड आहे आणि तिथे मीही खाल्लेत. घरी करणार नाही. १९८८ साली शांघायमध्ये नीट न शिजवलेल्या शिंपल्यांमधून हेपॅटायटिस 'ए' पसरला आणि सुमारे तीन लाख लोक आजारी पडले. आतपर्यंत ९० अंश आणि किमान दीड मिनिट, हे त्या विषाणूसाठीचं माप. तोंड उघडल्यावरही दोन-तीन मिनिटं शिजू द्या.

ताज्या किंवा घरी वाफवलेल्या ओल्या नूडल्स बाहेर ठेवून विसरलात, तर वास ठीक आहे म्हणून वापरू नका. मार्च २०२४ मध्ये तैपेईतल्या एका मलेशियन उपाहारगृहात हाच पदार्थ खाऊन लोक आजारी पडले आणि काहींचा जीव गेला. कारण ठरलं बोंगक्रेकिक आम्ल, एका जिवाणूने तयार केलेलं विष. ते शिजवून नष्ट होत नाही, आणि वासा-चवीवरून ओळखू येत नाही. घरी केलेल्या पट्ट्या त्याच दिवशी वापरा, बाकीच्या लगेच फ्रिजमध्ये, आणि दुसऱ्या दिवशी संपवा. आमच्या दमट हवेत रात्रभर ओट्यावर राहिलेल्या नूडल्स मी कुत्र्यालाही घालत नाही.

खाल्ल्यानंतर ओठ-जीभ सुजली, अंगावर गांध्या उठल्या, श्वास घ्यायला जड वाटू लागलं तर ही मासळीची अॅलर्जी असू शकते. १०८ ला फोन करा. घरगुती काढ्यात वेळ घालवू नका. पोटात जोरात दुखून उलट्या होत असतील आणि माणूस गुंगीत जात असेल तर सरळ रुग्णालय, आणि जाताना काय खाल्लं ते सांगा, उरलेली प्लेट झाकून बरोबर न्या.

आणि गॅसचा वास आला तर लगदा झाला की नाही ते नंतर बघू. रेग्युलेटर बंद करा, खिडक्या-दारं उघडा, दिव्याच्या बटणाला हात लावू नका, बाहेर या आणि बाहेरूनच १९०६ ला फोन करा.